बोलावे कुठवर?

निवडणुकीची सभा संपली की गावच्या पारावर एक वाद हमखास निघतो. एक म्हणतो, "काय झणझणीत बोलला!" दुसरा म्हणतो, "अशाला आतच टाकायला हवा." लोकशाहीत राज्यकर्त्यांवर कडक बोलायची मुभा आहे, हे खरे. पण ती कुठवर?

१९१६ साली लोकमान्य टिळकांनी बेळगाव आणि अहमदनगर येथे स्वराज्यावर भाषणे केली. पुण्याच्या मॅजिस्ट्रेटने ती राजद्रोही ठरवून त्यांच्याकडून २०,००० रुपयांचा जातमुचलका आणि दोन जामीन मागितले. मुंबईच्या हायकोर्टाने हा हुकूम रद्द केला. टोचणारी वाक्ये वेचून काढू नका, सबंध भाषणाचा रोख काय तो पाहा, अशी न्यायमूर्ती बॅचलर यांची दृष्टी होती. आणि हे परक्यांच्या राज्यात घडले बरे!

पुढे आपले राज्य आले. घटनेच्या १९ व्या कलमाने भाषणस्वातंत्र्य दिले. १९५१ च्या पहिल्या दुरुस्तीने सार्वजनिक सुव्यवस्थेसाठी त्यावर वाजवी निर्बंध घालण्याची सोय केली. वाजवी म्हणजे किती? बिहारमधल्या केदारनाथ सिंग यांच्या खटल्यात १९६२ साली सुप्रीम कोर्टाने मर्यादा आखली. सरकारवरची टीका कितीही जहाल असो, तेवढ्याने राजद्रोह होत नाही. हिंसेला चिथावणी किंवा शांतता मोडण्याचा रोख असेल, तरच होतो. राजद्रोहाचे ते १२४-अ कलम १ जुलै २०२४ पासून जुन्या दंडसंहितेबरोबर गेले. नव्या न्याय संहितेत देशाच्या ऐक्याला धोका आणणारी कृत्ये आणि जातीधर्मांत वैर पेटवणे, हे गुन्हे आहेत. कलमांचे आकडे बदलले, तरी ती कसोटी विसरण्याजोगी नाही.

कारण धोका दोन्हीकडून आहे. सत्ताधाऱ्याला विरोधकाचा प्रत्येक शब्द चिथावणीच वाटतो. उलट, एखादा वक्ता टाळ्या घेऊन मोटारीने निघून जातो आणि मागे आग लागते ती गरिबाच्या घराला. म्हणून भाषण ऐकताना तीन गोष्टी पाहाव्यात. हा कोणाविरुद्ध बोलतो, सत्तेविरुद्ध की शेजाऱ्याविरुद्ध? काय करायला सांगतो, मत द्यायला की काठी उचलायला? आणि कोणत्या वेळी, कसल्या जमावापुढे बोलतो? गंजीजवळची ठिणगी आणि ओल्या बांधावरची ठिणगी सारखी नसते.

गुरुजनांनी एखादे छापील भाषण वर्गात सबंध वाचून घ्यावे आणि हेच तीन प्रश्न मुलांना विचारावेत. मंत्र्याची झोप उडाली तर खुशाल उडू द्या. शेजाऱ्याचे छप्पर मात्र जळता कामा नये.