कामगाराची जखम आणि मालकाचा हिशेब

(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गातील भाषण)



1884 च्या सप्टेंबरात नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकाराने मुंबईच्या गिरणी कामगारांनी फॅक्टरी कमिशनसाठी जे निवेदन तयार केले, त्यात आठवड्याच्या सुटीबरोबर आणखी एक मागणी होती : कामावर जखमी झालेल्यास बरा होईपर्यंत पुरे वेतन मिळावे आणि जो जन्माचा अपंग होईल त्याच्या निर्वाहाची तरतूद व्हावी. सुटीची मागणी सर्वांच्या स्मरणात आहे. ही दुसरी पुष्कळ कार्यकर्त्यांनाही ठाऊक नसते. भरपाईचा कायदा यावयास 1923 साल उजाडावे लागले. 21 नोव्हेंबर 2025 पासून तो सामाजिक सुरक्षा संहितेत सामावला गेला असला, तरी त्याचे तत्त्व तेच राहिले आहे. दुर्दैवाने त्याविषयीचे गैरसमजही कायम आहेत.

सर्वांत घातक समज म्हणजे, ‘चूक माझीच, मग भरपाई कोणत्या तोंडाने मागू?’ पॉवर प्रेसमध्ये बोट गेलेला तरुण हे हमखास बोलतो आणि मुकादम ते त्याच्याकडून वदवून घेतो. वस्तुतः मालकाचा दोष सिद्ध करावा लागत नाही, की कामगाराची साधी हयगय दाव्याच्या आड येत नाही. अपघात कामामुळे आणि कामाच्या ओघात झाला, एवढे पुरे. नशा, सुरक्षेच्या आज्ञेचा जाणूनबुजून भंग, संरक्षक साधन मुद्दाम काढून टाकणे, हे अपवाद खरे. परंतु मृत्यू अथवा कायमचे पूर्ण अपंगत्व आल्यास तेही लागू होत नाहीत. (यंत्राचा गार्ड काढल्याने उत्पादन वाढते, ते कोणाच्या सोयीचे, हे सांगावयास नको.)

यामागचा विचार अर्थशास्त्राचा आहे. यंत्राची झीज मालक उत्पादनखर्चात धरतो. माणसाची झीज त्याने धरली नाही म्हणून ती नाहीशी होत नाही. ती बायकोच्या धुण्याभांड्यांतून आणि मुलाच्या सुटलेल्या शाळेतून वसूल होते.

दवाखान्याचे बिल मालकाने भरले की प्रकरण मिटले, हाही असाच समज. उपचाराचा खर्च निराळा, भरपाई निराळी. राज्य विमा योजनेत न येणाऱ्या लहान वर्कशॉपमधला तीस वर्षांचा, दरमहा 12,000 रुपये मिळवणारा कामगार घ्या. त्याचा अंगठा गेला. वेतनाचे 60 टक्के म्हणजे 7,200. त्याच्या वयाचा गुणक 207.98; अंगठ्यासाठी ठरलेली हानी 30 टक्के. हिशेब सुमारे 4,49,000 रुपयांचा होतो. आणि तो दहा-वीस हजार घेऊन स्टँप पेपरवर सही करतो व हक्क संपला असे मानून गावी निघून जातो. हक्क सोडून देणारा असा करार कायद्याने निरर्थक आहे. (विमा योजनेत येणाऱ्याने मात्र मालकाकडे नव्हे, विमा महामंडळाकडे मागणी करावयाची असते, कायमच्या अपंगत्वाबद्दल तेथे दरमहा रक्कम मिळते.)

‘मी ठेकेदाराचा माणूस’ म्हणून गप्प बसण्याचेही कारण नाही. आपले नेहमीचे काम ठेक्याने करून घेणारा मूळ मालकही जबाबदार असतो. ठेकेदाराकडून त्याने मागाहून वसूल करावे.

टक्केवारीचा तक्ता म्हणजे अखेरचा शब्द, असे कधीकधी वकीलही समजतात. 1975 साली सर्वोच्च न्यायालयापुढे एका सुताराचे प्रकरण आले होते. त्याचा डावा हात कोपराच्या वर कापावा लागला होता. मालकाचे म्हणणे, हे अपंगत्व अंशतःच आहे. एका हाताने सुतारकाम होत नाही, सबब कमाईची शक्ती शंभर टक्के नष्ट झाली, हा निर्णय न्यायालयाने उचलून धरला. भरपाईचे देणे अपघाताच्या दिवशीच उत्पन्न होते, हेही स्पष्ट केले.

महिन्याभरात रक्कम न दिल्यास 12 टक्के व्याज आणि सबळ कारण नसल्यास रकमेच्या निम्म्यापर्यंत दंड बसू शकतो. दाव्याची मुदत मात्र दोनच वर्षांची आहे. ‘दिवाळीनंतर या, बघू’ असे म्हणणाऱ्या मालकाला ती बहुधा पाठ असते. शाखेच्या कार्यकर्त्याने पहिल्याच आठवड्यात अपघाताची लेखी सूचना मालकाला द्यावी, पोच घ्यावी, आणि हजेरीचा, पगाराचा, दवाखान्याचा जो कागद हाती लागेल तो जपून ठेवावा.