‘अर्धसत्य’मधला फौजदार

पोलीस आणि संघटित गुन्हेगार यांचा झगडा दाखविणारे बोलपट पुष्कळ निघाले. बहुधा शेवटीं दुष्ट मरतो व प्रेक्षक समाधानानें घरीं जातो. गोविंद निहलानींच्या १९८३ सालच्या ‘अर्धसत्य’ या हिंदी चित्रपटांतही दुष्ट मरतो; परंतु समाधान लाभत नाहीं. श्री. दा. पानवलकरांच्या ‘सूर्य’ या मराठी कथेवरून विजय तेंडुलकरांनीं त्याची पटकथा लिहिली.

त्या वेळीं मी मावळांतल्या एका शाळेंत नवा मास्तर होतों. लोणावळ्याहून लोकलनें पुण्यास जाऊन मीं तो पाहिला.

मुंबईचा फौजदार अनंत वेलणकर (ओम पुरी) सचोटीचा आहे. गुंडांचा म्होरक्या रामा शेट्टी सदाशिव अमरापूरकरांनीं असा उभा केला आहे कीं, त्यानें आवाज न चढवितांही भय वाटावें. वेलणकर त्यास पकडावयास जातो, तोंच वरिष्ठांची आज्ञा येते व त्याला रिकाम्या हातीं परतावें लागतें. दरोडेखोर धरल्याचें श्रेयही दुसऱ्यासच मिळतें. सांचलेला हा संताप कोठें फुटतो? रेडिओ चोरणाऱ्या एका भुरट्या चोरावर! वेलणकराच्या मारानें तो कोठडींतच मरतो. मग स्वतःस वाचविण्यासाठीं वेलणकर शेट्टीच्याच दारीं जातो. तेथें अपमान होतांच तो त्याचा गळा दाबून जीव घेतो आणि चौकीवर येऊन कबुली देतो. माझ्या मतें शेट्टीचा विजय मरणापूर्वींच झाला होता. फौजदारानें त्याचा उंबरठा ओलांडला, त्याच क्षणीं.

हें पाहतांना माझी मान खालीं गेली. कांहीं महिन्यांपूर्वीं वरिष्ठांनीं वर्गादेखत माझा पाणउतारा केला होता. त्याच दुपारीं पाढा चुकलेल्या एका मुलास मीं हात सुजेपर्यंत छडी मारली. तो रडला नाहीं. पण दुसऱ्या दिवसापासून शाळेंतही आला नाहीं. पुण्याहून परतल्यावर मी त्याच्या घरीं गेलों. आईनें चहा पुढें केला. मुलगा मात्र दाराआडून बाहेर आला नाहीं.

संघटित गुन्हेगारीसाठीं महाराष्ट्रानें १९९९ सालीं कडक कायदा केला. त्यांत पोलीस अधीक्षकाच्या वा त्याहून वरच्या अधिकाऱ्यापुढें दिलेला कबुलीजबाबही पुरावा म्हणून चालतो. अधिकार असा वाढला, म्हणजे तो धरणारा हात अधिकच शांत हवा. बलिष्ठावर उगारतां न आलेली काठी दुबळ्याच्या पाठीवर पडली, तर तिला न्याय म्हणतां येत नाहीं; मग ती फौजदाराची असो वा मास्तराची. त्या दिवसानंतर मीं छडी हातीं धरली नाहीं. तो मुलगा मात्र शाळेंत परत आला नाहीं.