काडीच्या माणसांचा कलावंत



आज भेटू या अमेरिकी ॲनिमेटर डॉन हर्ट्झफेल्ट यांना.
त्यांची माणसं अगदी साधी.
गोल डोकं, काडीसारखे हातपाय.
पण ती बोलू लागली, की आपण आतून हलतो!

'रिजेक्टेड' हा त्यांचा लघुपट 2000 सालचा.
त्याला ऑस्करचं नामांकन मिळालं.
पुढे तो इंटरनेटवरून जगभर पोचला.
जाहिरातींची बोलावणी आली.
हर्ट्झफेल्ट यांनी ती नाकारली.
काम आपलं, आपल्याच पद्धतीनं.

वर्षानुवर्षं ते कागदावर चित्रं काढत.
जुन्या फिल्म कॅमेऱ्यानं एकेक चित्र टिपत.

मग 2015 मध्ये आला 'वर्ल्ड ऑफ टुमारो'.
त्यांचा पहिला डिजिटल लघुपट.

यातल्या चिमुकल्या एमिलीचा आवाज ऐकाच.
तो हर्ट्झफेल्ट यांच्या नात्यातल्या, तेव्हा चार वर्षांच्या असलेल्या मुलीचा आहे.
तिला संवाद पाठ करायला लावले नाहीत.
ती खेळत होती, बडबडत होती.
तेच ध्वनिमुद्रित केलं.
आणि त्या बडबडीभोवती कथा गुंफली.
लहान मुलाचं बोलणं इतक्या आदरानं ऐकणारा चित्रपट मला दुसरा आठवत नाही.

सनडान्स चित्रपट महोत्सवात 'वर्ल्ड ऑफ टुमारो'ला लघुपटाचं सर्वोच्च पारितोषिक मिळालं.
नंतर तो इंटरनेटवर भाड्यानं पाहता येऊ लागला.
इथंही जाहिरात नाही.
काम आपलं, आपल्याच पद्धतीनं.

या लघुपटाचा दुसरा भाग 2017 मध्ये आला.
तिसरा, 2020 मध्ये.