दार उघडलं की रबाब?

भवानीनगरात वाढलेल्या पोराला आवाजाचं शिक्षण फुकट मिळतं. छत्रपती कारखान्याचा भोंगा, हंगामातल्या बैलगाड्या, उसाच्या ट्रॅक्टरवरची गाणी. छोट्या, स्वतंत्र सिनेमांचं संगीत आणि आवाज करताना मी हीच पुंजी वापरतो.

या कामात पैसे कमी, हेडफोन स्वतःचे. शॉट संपला की सगळ्यांना मिनिटभर गप्प उभं करून त्या खोलीची शांतता रेकॉर्ड करायची. याला रूम टोन म्हणतात. संवादांमधल्या फटी नंतर तिनेच भरतात. लोक वैतागतात. पण पत्र्याच्या घराची शांतता वेगळी, पुण्यातल्या फ्लॅटची वेगळी.

एका लघुपटात मुसलमान कुटुंब होतं. दिग्दर्शक म्हणाला, "दार उघडलं की रबाब लाव, मागे अजान." मी लावलं. अम्मीला लॅपटॉपवर दाखवलं, तर ती म्हणाली, "ये अपना घर नहीं रे, ये तो काबुल है."

खरंच होतं. आमच्या घरात शिलाई मशीन चालतं, कुकर शिट्टी देतो, टीव्हीवर मराठी मालिका असते, भांडण निम्मं दखनीत, निम्मं मराठीत. अजान होते, पण तिच्या वेळेला. कुणी दारात आलं म्हणून नाही. मी पुन्हा ट्रॅक बांधला. वाद झाला. रबाब गेला, मशीन आलं, अजान मात्र त्यानं सोडली नाही. अर्धाच जिंकलो.

२०१३ चा 'फँड्री' आठवा. डुक्कर समोर आहे, शाळेतून राष्ट्रगीत ऐकू येतं, आणि जब्याचं घरदार जागच्या जागी उभं राहतं. तिथं आवाजच सगळं सांगतो. अजय-अतुल यांचं गाजलेलं गाणं प्रसिद्धीसाठी होतं, सिनेमात ते नाहीच. पार्श्वसंगीत अलोकनंदा दासगुप्तांचं.

"आपल्यात संगीत चालतं का?" असं तुमच्यापैकी काहींनी मघाशी विचारलं. अब्बांचाही हा प्रश्न अजून मिटलेला नाही. मी वाद घालत नाही. त्यांची चप्पल, खोकला, पानाच्या डब्याचं झाकण मात्र रेकॉर्ड करतो, आणि ते करू देतात.

शिकायचं असेल तर पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट फार लांब नाही. केरळच्या खेड्यातले रसूल पूकुट्टी तिथेच शिकले. २००९ मध्ये 'स्लमडॉग मिलियनेर'च्या ध्वनिमिश्रणासाठी त्यांना ऑस्कर मिळालं. तोवर मोबाइल पुरेल. आज घरी दहा मिनिटं रेकॉर्ड करा. फाइलच्या नावात जागा आणि वेळ लिहा. आणि पंखा बंद करा.