पडद्यामागचा कामगार



पडद्यावर नट दिसतो. त्याच्यावर उजेड टाकणारा दिसत नाही. प्रवाशाला तरी गँगमन कुठे दिसतो? १९१३ साली दादासाहेब फाळके यांनी 'राजा हरिश्चंद्र' काढला, तेव्हा सरस्वतीबाई साऱ्या मंडळींचा स्वयंपाक करून रात्री फिल्मला भोके पाडीत. पडद्यामागचे कष्ट तेव्हापासूनचे आहेत.

आमच्या शाखेतील एका गँगमनचा मुलगा गोरेगावला मालिकेच्या सेटवर लाइटमन झाला. बारा तासांची शिफ्ट, पैसे नव्वद दिवसांनी. एके रात्री दिवे बांधताना तो वरच्या तराफ्यावरून पडला, पाय मोडला. आम्ही भरपाई मागायला गेलो. निर्माता म्हणाला, "हा आमचा माणूस कशावरून?" मुलाजवळ कागदाचा चिठोराही नव्हता. आम्हाला हात हलवीत परत यावे लागले.

१९८१ च्या सिने-कामगार कायद्याने लेखी करार सक्तीचा केला, पण तो कथाचित्रपटांपुरता. मालिका बाहेरच राहिल्या. २०२० च्या सुरक्षा संहितेत टीव्ही व वेब मालिकाही आल्या. ती २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाली. या संहितांशी आमचे भांडण आहेच; पण करार मागण्याचा हा हक्क आम्ही सोडणार नाही.

आपली मुले या धंद्यात जरूर जावोत. मात्र आधी करार, मग काम. आणि पहिल्याच दिवशी युनियनचे कार्ड. मस्टरवर नाव चढावे म्हणून आपले वडीलधारे झगडले. मुलांना हे घरीच सांगा.

कामगार एकजुटीचा विजय असो!