काय करायचे नाही, ते ठरवूया



मलकापूर हे विशाळगडच्या पंतप्रतिनिधींच्या जहागिरीचे ठाणे होते. कोल्हापूरहून रत्नागिरीकडे निघालेला माणूस आंबा घाट उतरण्याआधी इथे थांबायचा, चहा घ्यायचा, राहिलेली खरेदी करायचा. आमची पेठ या थांबण्यावर जगली आहे. म्हणूनच स्पर्धेवरची ही परिषद आमच्या गावात भरते आहे, याचा मला फार आनंद वाटतो.

चर्चा मायकेल पोर्टर यांच्या लेखनावर आहे. हार्वर्डच्या या प्राध्यापकांचे स्पर्धेच्या डावपेचांवरचे पुस्तक १९८० साली आले, स्पर्धेतील वरचढपणावरचे १९८५ साली. त्यांचे म्हणणे आपल्या पेठेला लावून पाहा. शेजारचा दुकानदार हाच आपला एकमेव स्पर्धक, असे आपण धरून चालतो. पण भाव पाडून मागणारे गिऱ्हाईक, अटी घालणारा घाऊक व्यापारी, उद्या गाळा घेणारा नवा माणूस आणि आपल्या मालाऐवजी चालणारा दुसरा माल, हे चौघेही आपल्या नफ्यात वाटा मागत असतात. आपण मात्र शेजाऱ्यापेक्षा दोन रुपये कमी करतो, तोही करतो, आणि दोघेही खाली जातो.

खरा स्पर्धक ओळखण्याचा हा विचार आपल्या मातीला परका नाही. बावड्याच्या रामचंद्रपंत अमात्यांच्या नावे असलेल्या, राज्यकारभारावरच्या १७१५ च्या आज्ञापत्रात सावकारांवर वेगळे प्रकरण आहे. व्यापाऱ्याला राज्यात मान द्यावा, हे त्यात आहेच. टोपीकर, म्हणजे युरोपीय, नुसते व्यापारी नव्हेत, हा इशाराही आहे. समोरचा कोण आणि त्याच्या मनात काय, हे आधी ओळखा, असे सांगणारा हा ग्रंथ मला धंद्याचाही ग्रंथ वाटतो.

पुढे १८९५ मध्ये शाहू महाराजांनी कोल्हापुरात शाहूपुरी वसवली आणि गुळाला हक्काची पेठ मिळाली. शेतकरी, अडत्या, हमाल, गाडीवान एका जागी आले. पोर्टर यांनी १९९० च्या पुस्तकात अशा एकवटलेल्या उद्योगांचे बळ मांडले. कोल्हापुरी गुळाला २०१४ मध्ये आणि चपलेला २०१९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. गुळाचे नाव मोठे असूनही कमी दराच्या मागे लागून त्यात साखर मिसळणारे आहेत, याचे मला दुःख होते. शंभर वर्षांचे नाव असे चार आण्यांना विकायचे नसते.

डावपेच म्हणजे काय करायचे नाही हे ठरवणे, असे पोर्टर यांनी १९९६ च्या लेखात मांडले. माझ्या मते त्यांच्या साऱ्या लेखनाचे मर्म तेच. आज मोठ्या रस्त्यावरून गाड्या न थांबता निघून जातात. त्यांना स्वस्त बिस्किटासाठी थांबवता येणार नाही. ते सगळीकडे मिळते. शाहूवाडीचा तांदूळ, जंगलातला मध, आंबा घाटाकडचे पर्यटन यांसाठी मात्र त्या थांबतील.

तेव्हा माझी एकच विनंती आहे. परिषद संपेपर्यंत प्रत्येकाने एक कागद जवळ ठेवावा आणि आपल्या दुकानात उद्यापासून काय करायचे नाही, ते त्यावर लिहूनच घरी जावे.