माडगावकरांची मुंबई आणि आपला दांडा



1863 साली गोविंद नारायण माडगावकरांचं 'मुंबईचे वर्णन' छापून आलं. माडगावकर मूळचे गोव्याचे. लहानपणी मुंबईत आले, इथंच शिकले आणि पुढं इथल्याच मुलांना शिकवू लागले. स्वच्छतेवर 'शुचिर्भूतपणा', कर्जाच्या नादाविरुद्ध 'ऋणनिषेधक बोध' अशी पुस्तकं त्यांनी आधीच लिहिली होती. चार शहाणपणाच्या गोष्टी सांगायची त्यांना हौसच होती. तरी मला त्यांचं मोठेपण दिसतं ते 'वर्णना'त. इथं ते शहर डोळे उघडे ठेवून पाहतात. नाना जातींचे लोक, सण, बाजार, देवळं, तळी, शाळा, नुकतीच सुरू झालेली आगगाडी, सगळं मनापासून नोंदवतात. ज्या गावात राहतो ते नीट माहीत करून घेणं हेही नागरिकाचं कर्तव्य आहे, असं मी या पुस्तकावरून शिकलो.

आपला खारदांडा, म्हणजे आपला दांडा कोळीवाडा, मात्र त्यांच्या मुंबईबाहेरचा. अवाबाई जीजीभाईंच्या देणगीतून मुंबई आणि साष्टी ही बेटं जोडणारा माहीमचा कॉजवे 1845 साली खुला झाला, पण दांडा त्याच्या अलीकडं, साष्टीत. मुंबई महापालिकेत आपण आलो ते थेट 1950 साली. त्यामुळं दांड्याला कुणी माडगावकर भेटला नाही.

त्याची उणीव आज जाणवते. वलांडीवर, म्हणजे बांबूच्या मांडणीवर, बोंबील वाळत घातले की आसपासच्या इमारतींतून वासाची तक्रार होते. पण पावसाळ्यात शहरभरच्या नाल्यांतून वाहत आलेल्या पिशव्या नि बाटल्या कोळ्यांच्या जाळ्यात येतात, त्याची तक्रार कुणाकडे करायची? मासळीबरोबर तो कचरा वेचत बसायचं आणि अस्वच्छ म्हणून बोलणंही आपणच खायचं, हा अन्याय आहे. कोळीवाडा कसा चालतो हे शेजाऱ्यांना ठाऊकच नसेल, तर त्यांना तो फक्त नाकानं कळणार.

म्हणून शाळेतल्या मुलांना माझं सांगणं आहे. सुट्टीत एक वही घ्या. आजीला विचारा, गोड्या पाण्याच्या विहिरी कुठं होत्या, मासळी कुठं सुकत असे, होड्या कुठं लागत, नाला कुठून यायचा. ती सांगेल ते तिच्याच बोलीत लिहा, खाली तारीख घाला. आणि इमारतीतल्या मित्रालाही बरोबर घ्या.